साकव्वा

खानापुरात, रेशनच्या ऑफिसात
कारकुनानं नाव विचारलं. सांगितलं.
तो शेजारच्या टेबलाकडं वळून हसला,
‘म्हणजे यांच्यात तेव्हाच पुरे झाल्या होत्या.’

राग आला नाही. हे मला पहिलीपासून ठाऊक.
साकु म्हणजे पुरे.
नागरत्ना, शेवंती, तंगेव्वा, मग मी.
नाव आत्यानं ठेवायचं, पण आत्या आलीच नाही,
चौथ्या मुलीला कोण येतं?
म्हणून बैलहोंगलहून आलेली आईची मावशी
पाळण्यावर वाकली आणि बाळाला नाही,
देवालाच बजावली: साकु.
मागं अव्वा चिकटवला, नावासारखं वाटावं म्हणून.

चार वर्षांनी कस्तुरी झाली.
देवाला कानडी येत नसावी.

आमच्या घरात अर्धी अर्धी होती.
आई तिकडची, बाबा जांबोटीकडचे,
भांडण कानडीत लागायचं, मराठीत मिटायचं,
आमटी बिघडली असेल तर उलटं.

शाळेत पाटणेकर गुरुजींनी हजेरीत
मला साकव केलं.
पुढचं अक्षर रकान्यात मावलं नाही.
‘ओढ्यावर असतो तोच ना गे?’
होताच आमच्या ओढ्यावर. जांभळीचे दोन सोट,
वर बांबू, रानवेलीनं आवळलेले,
दर पावसात वाहून जायचा
आणि दिवाळीनंतर गडी पुन्हा बांधायचे,
कुणी न रागावता.
पोरं म्हणायची, आडवी हो, तुझ्यावरनं जायचंय.

मी आठ वर्षांची, कस्तुरी कडेवर.
आई काजू सोलायला गेलेली,
मग तीही माझ्यासोबत तिसरीत बसायची.
मधोमध आल्यावर पाणी बघून
तिची बोटं माझ्या गळ्यात रुतायची.
मी म्हणायची, खाली नको, माझ्या कानाकडं बघ.
अजूनही घाबरली की तिथंच बघते.
कानात आता काही नाही, कुडीसुद्धा मोडली.

दुसरा अर्थ फार उशिरा भेटला, रविवारच्या बाजारात.
आई मेलेली एक रेडी मी बाटलीवर वाढवली होती.
विकायला नेली तर एक परकी बाई
तिच्या पाठीवर हात फिरवत म्हणाली,
‘यार साक्यार इदन्न?’
कुणी सांभाळली हिला, कुणी मोठी केली.
दावं हातात तसंच राहिलं.
साकु म्हणजे पुरे,
आणि साकु म्हणजे सांभाळ. वाढव हिला.
इतकी वर्षं कानडी ऐकत होते,
पण माझ्या नावाजवळ आला की
तो शब्द मी एकाच कानानं ऐकायची.

मग मावशी पाळण्यापाशी जे बोलली
ते बाजेवरच्या आईनं कसं ऐकलं असेल?
मावशीनं देवाला हात जोडले,
की आईला काम सांगितलं?
विचारायला आई नाही.
असती तरी म्हणाली असती, आधी तांदूळ निवड.
रेडी मात्र त्या दिवशी विकली नाही.
घरी येईपर्यंत तिनं माझा पदर चघळला.

परवा नंदगडला कस्तुरीच्या नातीचं बारसं झालं.
हुग्गीचं पातेलं माझ्याकडं.
वाढत निघाले, आणि एकेक जण
पानावर आडवा हात धरून, तृप्त, जड आवाजात
साकु, साकु.
मराठी बोलणारेसुद्धा.
त्यांच्या ‘पुरे’ला गूळ कमी पडतो.
इतक्या तोंडांतून इतकं मऊ
दुसऱ्या कुणाचं नाव निघत असेल?
दोनदा तर मी ‘ओ’ दिली. पंगत हसली.

शेवटच्या पानावर कस्तुरी.
तिनं हात आडवा धरला नाही.
आत पाळण्यात नात रडत होती, नाव अजून ठरायचं होतं,
आणि ही माझ्या कानाकडं बघत होती.

मी तिला आणखी एक पळी वाढली.